दिवसापुरती सवाष्ण

गारखेड्याच्या चौकात मजुरांचा अड्डा भरायचा. तिथं माझी जेवढी लग्नं लागली, तेवढी स्थळंसुद्धा चांगल्या घरच्या मुलींना सांगून येत नाहीत. लग्न सकाळी लागायचं आणि संध्याकाळी हातपाय धुतले की मोडायचं. मानपान नाही, रुसवेफुगवे नाहीत, वरातीत नाचणारे दीर नाहीत. गुत्तेदार मोटारसायकल बंद न करताच विचारायचा, "जोडी हाय का जोडी?" आणि शेजारी जो कुणी थापी घेऊन उभा असेल त्याच्याकडे मी अर्धं पाऊल सरकायचे. की आम्ही नवरा-बायको झालो.

अड्ड्यावर कधी उभं न राहिलेल्यांना हे समजावून सांगावं लागतं. जोडी म्हणजे नवरा गवंडी आणि बायको त्याच्या हाताखाली बिगारी. तो वीट लावणार, ती माल कालवणार, घमेलं उचलून देणार. गुत्तेदारांना, म्हणजे कंत्राटदारांना, जोडीच लागायची. एकटा गडी चार दिवसांत पिऊन गायब होतो, बायको सोबत असली की पळत नाही, असं त्यांचं शास्त्र होतं. एकटी बाई तर नकोच, कारण एकट्या बाईपायी साइटवर भानगडी होतात. त्या भानगडी करतं कोण, तेवढं मात्र शास्त्रात लिहायचं राहून गेलं होतं.

मी एकटी बाई होते. लग्नानंतर थोड्याच काळात माझा नवरा काविळीनं गेला. दिवसकार्य उरकल्यावर सासऱ्यांनी माझं बोचकं एसटीत ठेवलं आणि शेजारी मला बसवलं. भाऊ औरंगाबादला, मुकुंदवाडीच्या मागच्या वस्तीत राहायचा. तेव्हा शहराचं नाव औरंगाबाद होतं. आता नाव बदललं आहे, अड्डा मात्र तसाच भरतो. पहिले काही दिवस मी ऊन डोक्यावर येईपर्यंत तिथं नुसतीच उभी राहायचे आणि मग घरी जायचे. शेवटी एका जुन्या बाईला माझी दया आली. तिची स्वतःची अशी कितीतरी लग्नं होऊन गेली होती. ती म्हणाली, "असं भुंडं कपाळ घेऊन उभी राहिलीस तर कोण नेईल तुला? टिकली लाव की. मेलेला काय बघाया यायलाय?"

मी टिकली लावली. ज्यानं चिकटवायची टिकली शोधून काढली त्या माणसाचा पुतळा आमच्या चौकात उभा करायला हवा होता, उगाच बाकीच्यांचे केले. सकाळी भावाची गल्ली ओलांडली की टिकली कपाळाला, संध्याकाळी गल्ली आली की डब्याच्या झाकणाला आतून. काळ्या मण्यांची एक पोत पदराच्या गाठीत असायची. ती सकाळी गळ्यात यायची आणि संध्याकाळी परत गाठीत जायची. गाठ सोडता बांधता मी रोज सवाष्ण होत होते आणि रोज विधवा होत होते, आणि दोन्ही वेळा कुणाला काही विधी करावा लागत नव्हता.

माझ्या या नवऱ्यांबद्दल मला फारशी तक्रार नाही. एकजण माझ्या डब्यातलं लोणचं न विचारता खायचा. खऱ्या नवऱ्याचा तेवढा एक गुण त्याच्यात होता. दुसरा साइटवर कुणी बघत असलं की माझ्यावर उगाच ओरडायचा, म्हणजे नवरा असल्याची खात्री पटावी. बाकी अड्ड्याचा एक रिवाज होता आणि तो बहुतेकजण पाळायचे: कामावरून सुटलं की जोडी सुटली. कुणी संध्याकाळनंतर नवरेपणा दाखवायला लागला, तर त्या जुन्या बाया त्याची अशी काढायच्या की बिचारा दुसऱ्या चौकात जाऊन उभा राहायचा.

मग मिस्त्री आला. खुलताबादच्या बाजूचा, चाळिशी उलटलेला, कमी बोलणारा, बिडी विझलेली असली तरी तोंडात धरून ठेवणारा. त्याची बायको वारली होती. त्याच्या हाताखाली काम करणं सोपं जायचं, कारण तो मालाची घाई करायचा नाही आणि भिंत ओळंब्यात नसली तर पाडताना मला दोष द्यायचा नाही. काही दिवस लागोपाठ आमचीच जोडी लागली. अड्ड्यावर त्यावरून जे बोलायचं ते बोलून झालं. हल्ली मी कामगारांच्या सभांत बोलायला जाते, तिथंही लोक मला हळूच विचारतात, मिस्त्रीबद्दल काही होतं का हो मनात? होतं. त्याच्या हातचा गिलावा मला फार आवडायचा.

एका सकाळी अड्ड्यावर मोठा गुत्तेदार आला. जुन्या शहरातला मुसलमान माणूस, पांढरा स्वच्छ झब्बा घालून यायचा. त्याचे वडील निजामाच्या वेळी सरकारी इमारतींची कामं घ्यायचे. पोलीस ॲक्शननंतर कामं गेली आणि झब्ब्याची कडक इस्त्री तेवढी घरात राहिली, असं तो स्वतःच हसून सांगायचा. गारखेड्यातच एका कॉलेजातल्या सरांचा बंगला बांधायचा होता. काम पाया ते रंग, सगळं.

"मियां-बीवी होना," तो म्हणाला. "अकेला नै, अकेली भी नै. मालकीन का हुकूम है. तुम दोनों मियां-बीवी हैं ना?"

"हौ," मिस्त्री म्हणाला.

"कबसे?"

"आज सकाळपासून."

गुत्तेदारानं कपाळाला हात लावला. "मेरेकू सब मालूम है रे. मालकीन कू नक्को मालूम होने देना, बस."

आता मला हे काम का हवं होतं ते सांगते. बंगल्याच्या मागच्या बाजूला नोकरांसाठी एक खोली बांधायची होती. सरांनी पाया खणताना सगळ्यांसमोर सांगितलं की घर झालं की ही खोली या जोडीची. गेट सांभाळायचं, बागेला पाणी घालायचं, बाईंच्या हाताखाली मदत करायची, आणि इथंच राहायचं. मी त्या दिवसापासून त्या खोलीत राहायला गेले होते. खोली बांधायची होती, एवढंच.

भावाचं घर म्हणजे पत्र्याच्या दोन खोल्या. मी पाण्याच्या हंड्यांशेजारी, दाराच्या वाटेत झोपायचे. वहिनी वाईट नव्हती. तिचं तोंड वाईट होतं, आणि ते दिवसभर तिच्यासोबत असायचं. मी चुलीजवळ बसले की "वन्सं, जरा सरका", दारात बसले की "वन्सं, वाट सोडा", आणि कुठंच बसले नाही की "वन्सं, भुतावानी उभ्या काय राहताव?" तिचंही बरोबरच होतं. त्या घरात तिलाच धड जागा नव्हती, मला कुठून देणार? मला दागिने नको होते, दुसरं लग्न नको होतं, मानही नको होता. जिथून कुणी मला सरकवणार नाही अशी चार भिंतींची जागा हवी होती. मिस्त्रीशी माझं ठरलं होतं: खोली माझी, बाहेरचा पडवीचा भाग त्याचा. लोक काय म्हणतील याची चिंता नव्हती. लोकांच्या लेखी आमचं लग्न झालेलंच होतं.

सर फार सुधारक होते. कॉलेजात, सभांत, रेडिओवर स्त्रियांच्या प्रश्नांवर बोलायचे. बोलायचं इतकं साठायचं की उरलेलं संध्याकाळी साइटवर आणायचे. आम्ही हातपाय धुऊन निघायच्या बेतात असलो की सर विटांच्या थप्पीपाशी उभे राहून आम्हाला श्रमाची प्रतिष्ठा सांगायचे. श्रम म्हणजे पूजा. श्रम करणारा हात सगळ्यात पवित्र. तो पवित्र हात तोवर सिमेंटनं तडतडत असायचा, पण सरांचं वाक्य संपल्याशिवाय नळाला हात लावणं बरं दिसायचं नाही. एकदा तर ते विधवांच्या केशवपनावर बोलले. त्या प्रथा किती अमानुष होत्या हे सांगताना त्यांचे डोळे भरून आले. मी टिकली चाचपून पाहिली. घामानं सुटत आली होती. ती अंगठ्यानं दाबून बसवली.

एवढं बोलणाऱ्या माणसाला खरं सांगून टाकावं, असं मला एकदा वाटलंही. मिस्त्रीला म्हणाले. तो बिडी न काढताच म्हणाला, "सर विधवांवर बोलत्यात. विधवांशी बोलताना पाह्यलंस का कधी?" मी घमेलं उचललं.

सरांच्या आईला आम्ही बांधकामाच्या दिवसांत एकदाच पाहिलं. सरांनी स्कूटरवर बसवून आणलं होतं. गावाकडची म्हातारी, मोकळं कपाळ, डोक्यावरून घट्ट पदर. गावची म्हातारीच्या वाट्याची जमीन विकून हा प्लॉट घेतला होता, हे गुत्तेदाराकडून कळलं होतं. म्हातारीनं अर्धवट भिंतींतून चक्कर मारली आणि विचारलं, "माझी खोली कंची रे?"

"आई, सगळं घर तुझंच आहे," सर म्हणाले.

हे वाक्य मी त्याआधी सासरीही ऐकलं होतं. ज्या बाईला सगळं घर तुझंच म्हणून सांगतात, तिनं आपलं अंथरूण कुठं घालायचं ते विचारू नये. म्हातारीनंही पुन्हा विचारलं नाही. वाळूच्या ढिगावर थोडा वेळ बसून त्या स्कूटरवर परत गेल्या.

बंगला उभा राहिला. पण खरं सांगायचं तर आमचा जीव मागच्या खोलीत होता. बंगल्याचा गिलावा उरकला की मिस्त्री उरलेला माल घेऊन मागं यायचा आणि तिथं असा हात फिरवायचा की भिंतीवर गाल घासावा. खिडकी नकाशात एक होती. त्यानं गुत्तेदाराला लोणी लावून दोन करून घेतल्या. पुढच्या हॉलमधून उरलेल्या गुळगुळीत शहाबादी फरशा आम्ही तिथं बसवल्या. भिंतींना मी सकाळ-संध्याकाळ पाणी मारायचे. सर येऊन बघायचे आणि म्हणायचे, वा, ही तर पुढच्यापेक्षा छान झाली. आम्हाला ते कौतुक वाटायचं. इथंच आम्ही चुकलो. नोकराची खोली नोकराच्या खोलीसारखी बांधावी, एवढी अक्कल इतकी घरं बांधूनही आम्हाला आली नव्हती.

वास्तुशांतीचा दिवस आला. घरमालक गवंड्याला त्या दिवशी टॉवेल-टोपी देतो आणि त्याच्या बायकोची साडीचोळीनं ओटी भरतो, असा आपल्याकडे रिवाज आहे. गवंडी एकटा असला तर टॉवेल-टोपीवर भागतं. पण मालकीणबाईंना सगळं जोडीनं करायची हौस होती. होम झाला, पूजा झाली, आणि त्यांनी मला हॉलमधून हाक मारली. "अगं, ये पुढं. आज तुमचा मान आहे. दोघं पाटावर बसा."

कामावर टिकली लावणं वेगळं आणि देवासमोर पाटावर बसून ओटी घेणं वेगळं, असं माझ्या आईनं शिकवलेलं मन मला सांगायला लागलं. पण मग मी त्या मनाला विचारलं: या घराच्या पायात पहिलं घमेलं कुणी ओतलं? देवघराच्या भिंतीचा माल कुणी कालवला? चुलीचा ओटा कुणाच्या डोक्यावरून आला? विधवेचा हात अशुभ असेल तर हे घर जोत्यापासून गच्चीपर्यंत अशुभच आहे, आणि भटजी एवढा वेळ धुरात उगाच खोकले. माझ्या डोक्यावरचं घमेलं त्यांना चालतं, मग माझं कपाळ का चालू नये? आणि नाही म्हणाले तर खोली जाणार होती. मी पाटावर जाऊन बसले.

शेजारी मिस्त्री बसला. त्याची बायको मेलेली होती, पण त्याचा जीव जराही कासावीस झालेला नव्हता. पुरुषाची बायको मेली तर त्याच्या कपाळावरून कुणाला काही कळत नाही. भटजींनी त्याला गंध लावलं, टोपी घातली, झालं. माझ्या कपाळावर मालकीणबाईंनी टिकलीच्या वर बोटभर कुंकू लावलं. पदरात तांदूळ, नारळ, खण, साडी. आतल्या खोलीचं दार किलकिलं होतं, त्याच्यामागं सरांच्या आई, त्या म्हाताऱ्या आजी, बसलेल्या मला दिसल्या. स्वतःची जमीन ज्यात गेली त्या घराच्या वास्तुशांतीला त्या दाराच्या फटीतून आलेल्या होत्या.

इथवर निभावलं होतं. पण बायका जमल्या की एवढ्यावर थांबत नाहीत. कुणीतरी म्हणालं, "नाव घ्या, नाव! मिस्त्रीणबाईंनी नाव घेतल्याशिवाय उठायचं नाही." बाकीच्यांनी लावून धरलं. मी नको नको म्हणाले, त्यांना वाटलं लाजतेय.

मला एकच उखाणा येत होता. माझ्या लग्नात चुलत सासूनं तो माझ्याकडून घोटून घेतला होता. त्यात ज्वारीचं शेत होतं, राखणीला गोफण होती, आणि शेवटच्या ओळीत यमकात पक्कं बसवलेलं नवऱ्याचं नाव. मी डोळे मिटून सुरू केलं. शेत आलं, गोफण आली, मग यमक आलं. माणूस जिवंत आहे की मेलाय हे यमकाला कळत नाही. नाव तोंडातून निघून गेलं.

मालकीणबाई मिस्त्रीला महिनोन्‌महिने गच्चीवरून नावानं हाका मारत आल्या होत्या. मिस्त्रीचं नाव त्या पूर्ण गल्लीला पाठ होतं. मी घेतलेलं नाव ते नव्हतं, आणि त्याच्या जवळपासचंही नव्हतं.

"हे कोण गं?" बाईंनी विचारलं.

माझ्या डोळ्यांसमोर खोलीच्या दोन्ही खिडक्या एकामागून एक बंद झाल्या. तेवढ्यात मिस्त्री नवी टोपी सारखी करत म्हणाला, "मीच की. पाळण्यातलं नाव हाय माझं. शाळंत गुरुजींनी दुसरं घातलं."

"तुम्ही शाळेत गेला होतात?" एका पाहुण्यानं विचारलं.

"नाव घालण्यापुरता गेलतो."

सगळे हसले. मालकीणबाईही हसल्या. आणि मला मात्र रडू फुटलं. खोली जाता जाता वाचली म्हणून, की माझ्या गेलेल्या नवऱ्याचं नाव इतक्या वर्षांनी माझ्या तोंडून निघालं म्हणून, मला सांगता येणार नाही. त्याच्या जिवंतपणी, लग्नातला तो एक उखाणा सोडला तर, मी त्याचं नाव लाजेनं घेतलं नव्हतं आणि तो गेल्यावर भीतीनं. आज ते घेतलं ते दुसऱ्याच्या शेजारी बसून. बायका एकमेकींना म्हणाल्या, बघा, किती जीव आहे नवऱ्यावर. आपल्या शिकलेल्यांत एवढं राहिलेलं नाही.

सरांनाही राहवलं नाही. त्यांनी पाहुण्यांसमोर छोटंसं भाषण केलं. या घराची खरी लक्ष्मी कोण असेल तर ही श्रमिक स्त्री, असं म्हणून माझ्याकडे हात केला. टाळ्या पडल्या. मग पाहुण्यांच्या पंगती झाल्या, मग भटजींच्या घरच्यांची, मग शेजारच्यांची, आणि सगळ्यात शेवटी लक्ष्मी जेवायला बसली. बासुंदी संपली होती. वरण भरपूर होतं.

उन्हं कलली तेव्हा मी माझं बोचकं घेऊन मागं गेले. सकाळीच आणून बागेतल्या टाकीआड ठेवलं होतं. खोलीचं दार उघडं होतं. आत एक लोखंडी खाट लावलेली, भिंतीशी पत्र्याची पेटी आणि पेटीवर आजी बसलेल्या. मला वाटलं, जेवण झाल्यावर जरा टेकायला आल्या असतील. मी दारातच थांबले. मागून सर आले. मोठ्या समजुतीच्या आवाजात म्हणाले, "आईला इथं शांत वाटेल. पुढं माणसांची ये-जा, शुभकार्यं होत राहणार, तिलाच अवघडल्यासारखं होतं. आणि खोलीही तुम्ही इतकी सुंदर केलीय, आता मन होत नाही दुसऱ्या कुणाला द्यायचं. तुम्ही काय, तरुण माणसं, जोडीनं कुठंही राहाल. गेटजवळ पत्र्याचं काहीतरी उभं करून देऊ पुढंमागं."

पुढच्या घरात पाहुण्यांची एक खोली होती. सरांच्या पुस्तकांना एक होती. स्कूटरला सुद्धा छप्पर होतं. ते सगळं मीच वाहिलेल्या विटांचं होतं, म्हणून मला नीट माहीत होतं. मला इतका राग आला की मी सरांना काहीतरी बोलणार होते, पण काय बोलणार? विधवेला द्यायची खोली मला द्या, असं म्हणायला मी विधवा असायला हवं होतं. त्या दिवशी मी सवाष्ण होते. तांदळानं भरलेली ओटी अजून कमरेला खोचलेली होती.

सर गेल्यावर आजी म्हणाल्या, "ये गं आत. ही खोली तुमी बांधली व्हय?"

"व्हय, आजी."

"चांगली बांधली. जरा वाईट बांधायची व्हती. वाईट असती तर मला पुढं तरी ठिवलं असतं." मग त्यांनी माझ्याकडे नीट पाहिलं. "तू नाव घेतलंस त्ये मी आतून आयकलं. त्यो गेलेला हाय न्हवं?"

मी ओटीतला नारळ सारखा करायला लागले.

"नगं बोलूस. जित्या नवऱ्याचं नाव घेताना बायका हसत्यात, गं." त्यांनी पेटीवर माझ्यासाठी जागा केली. मी बसले नाही. त्यांनी विचारलं, "ह्यो नवरा अड्ड्यावरचा व्हय? उद्या जाशील का परत अड्ड्यावर?"

"जावंच लागंल."

"मंग माझ्यासाठीबी एखादा बघून ठिव. म्हाताराबी चालंल. नातीचं लगीन हाय पुढच्या साली. मांडवापुरता पायजे."

हे त्यांनी अजिबात न हसता सांगितलं. मीही हसले नाही.

गेटवर मिस्त्री थापी आणि ओळंबा पिशवीत भरून तयार होता. नवी टोपी त्यानं काढून घडी करून खिशात घातली होती. त्याला सगळं कळलं होतं. म्हणाला, "बजाजनगरला कामगारांच्या खोल्या बांधायलेत. लई दिवसांचं काम हाय. तिथं कुणी ओटीबिटी भरत नाय. येतीस का जोडीनं?"

"सकाळी बघू," मी म्हणाले. त्यानं मान हलवली आणि रस्त्याला लागला. तो पडवीत झोपणार होता, मी आत. त्याची पडवीही गेलीच होती.

मी चालत मुकुंदवाडीला गेले. सबंध वाटेत मी सरांना मनातल्या मनात जे जे बोलले ते इथं लिहिलं तर हे पुस्तक कुणी छापणार नाही. गल्ली कधी आली ते कळलंच नाही. वहिनी दारात तांदूळ निवडत बसली होती. तिनं आधी माझ्या हातातला नारळ घेतला, हलवून पाणी आहे का ते बघितलं, खण उजेडात धरला. मग बोचकं दिसलं.

"परत का आणलं? खोली मिळाली नाय व्हय?"

"नाय."

"मंग दिली कुणाला?"

"एका विधवेला दिली."

वहिनीनं सूप खाली ठेवलं. माझ्या कपाळाकडे बघितलं. टिकली, कुंकू सगळं तसंच होतं. त्या दिवशी काढायचं माझ्या ध्यानातच राहिलं नव्हतं. ती चिडून बोलली नाही, टोमणा म्हणूनही नाही. तिला खरंच कळलं नव्हतं.

"मंग तुम्हाला का नाय दिली, वन्सं?"